तॉकबोक्की बिघडते ती तांदळापाशी

आधी प्रश्न थोडक्यात. एका ताईंची मुलगी कोरियन मालिका बघून तॉकबोक्कीच्या, म्हणजे लाल तिखट-गोड सॉसमध्ये शिजवलेल्या तांदळाच्या केकच्या, हट्टाला पेटली, म्हणून त्यांनी तांदळाच्या केकचं पाकीट आणि गोचुजांगची, म्हणजे कोरियन मिरचीच्या आंबवलेल्या पेस्टची, डबी मागवली. पहिल्यांदा केक सॉसमध्ये टाकून मोठ्या आचेवर पाच मिनिटं परतले, तर बाहेरून गिळगिळीत आणि आतून खडूसारखे राहिले. दुसऱ्यांदा पास्त्यासारखे वेगळे उकडून, निथळून मग सॉसमध्ये घातले, तर मऊ पडून तुटले. सॉस दोन्ही वेळा पाणचट आणि कच्चट वासाचा. शिवाय तीन शंका: घरात मासळी चालत नाही, पाकीट दर वेळी परवडत नाही तर मोदकाच्या पिठीचे केक होतील का, आणि डब्यात देता येईल का?

ताई, नवऱ्याच्या नोकरीमुळे मी सात वर्षं सोलच्या दक्षिणेला सुवॉन शहरात राहिले. परतल्यावर पुण्यात कोरियन स्वयंपाकाचे छोटे वर्ग घेते. चाकण, तळेगाव, रांजणगाव या भागात कोरियन कंपन्या आल्या, त्यांच्या मागोमाग कुटुंबं आली, मग त्यांची दुकानं आली. त्यामुळे सामान मिळणं आता पूर्वीइतकं अवघड नाही. वर्गाला येणारा प्रत्येक जण मला तिखटाबद्दल विचारतो: कुठली मिरची, किती चमचे, किती झणझणीत. तांदळाबद्दल कुणीच विचारत नाही. आणि बिघडतं ते नेमकं तांदळापाशी. तुमचंही तिथेच बिघडलंय.

'तॉक' म्हणजे तांदूळ वाफवून, कुटून केलेला केक. 'केक' हा शब्द फसवा आहे. त्यात ना अंडं, ना लोणी, ना साखर. आपल्या भाषेत सांगायचं तर ती कुटलेली उकड आहे. उकडीचे मोदक ज्या घरात होतात त्या घराला तॉक समजायला वेळ लागू नये. मोदक गरम असताना पारी कशी असते आणि तेच मोदक रात्रभर फ्रिजमध्ये राहिले तर सकाळी काय होतं, हे तुम्हाला मी सांगायला नको. शिजलेल्या तांदळातला स्टार्च थंडीत पुन्हा घट्ट बांधला जातो, पाणी बाहेर टाकतो आणि कडक होतो. गंमत म्हणजे हे फ्रिजच्या थंडीत सगळ्यांत झपाट्याने होतं, फ्रीझरमध्ये उलट थांबतं. तुमचं पाकीट फ्रिजमध्ये होतं ना? म्हणजे ते केक शिजलेले असूनही पुन्हा 'कच्चे' झाले होते. पाच मिनिटांच्या मोठ्या आचेत ती उष्णता आतपर्यंत पोचलीच नाही.

दुसऱ्यांदा तुम्ही केलेली चूक मला जास्त महत्त्वाची वाटते, कारण ती हुशार माणसंच करतात. वेगळं उकडलं आणि पाणी ओतून दिलं. ताई, ती पेज होती! तॉकबोक्कीचा सॉस दाट होतो तो मक्याच्या पिठामुळे नाही आणि जास्त गोचुजांगमुळेही नाही. तॉक रश्श्यात शिजताना त्यांच्या अंगावरचा स्टार्च हळूहळू सुटतो, त्यानेच सॉसला ती चकाकी आणि चिकटपणा येतो. पेज सिंकमध्ये गेली आणि सॉस पाण्याचा राहिला. तेव्हा नियम एकच: तॉक ज्या पाण्यात शिजतील तेच पाणी खायचं.

आता पाकीट उघडल्यापासून सांगते. हवाबंद पाकिटातल्या तॉकना बहुधा आंबूस, स्पिरिटसारखा वास येतो. खराब झाले म्हणून फेकू नका. टिकण्यासाठी त्यात अल्कोहोल वापरतात, त्याचा तो वास. दोनतीन पाण्यांत चोळून धुवा, एकेक सुटा करा. मग साध्या किंवा अगदी कोमट पाण्यात वीस ते तीस मिनिटं भिजवा. उकळत्या पाण्यात नको, त्याने बाहेरचा थर सुटतो आणि गाभा तसाच राहतो. गोठवलेले असतील तर थंड पाण्यात आधी नरम होऊ द्या. अंगावर भेगा पडलेले तॉक असतील तर ते हमखास तुटतात, ते बाजूला काढून सूपमध्ये घाला. आणि त्याच दिवशी केलेले ताजे, बोटाने दाबले तर दबणारे तॉक मिळाले तर भिजवायचंच नाही. सुवॉनमध्ये आमच्या गल्लीच्या तोंडाशी 'पांगात्कान', म्हणजे तांदळाची गिरणी होती. सकाळी तिथून वाफाळलेले लांबलचक 'कारेतॉक' यायचे. वरच्या मजल्यावरच्या आजी ते कापून माझ्या हातात द्यायच्या, नुसते, तिळाच्या तेलाचं बोट लावून. त्या दिवशी कळलं की तॉकबोक्कीतला सॉस ही दुय्यम गोष्ट आहे.

पाकिटावर तांदळाचे आहेत की गव्हाचे, तेही बघा. कोरियन लोक 'साल-तॉक' आणि 'मिल-तॉक' असा स्पष्ट भेद करतात. तांदळाचे जास्त भरीव, गव्हाचे मऊसर आणि सॉस पटकन शोषणारे. गव्हाच्या तॉकमागे इतिहास आहे: कोरियन युद्धानंतर तांदळाची टंचाई होती, अमेरिकेहून मदतीचा गहू येत होता, आणि साठ-सत्तरच्या दशकात सरकारच लोकांना भात कमी खा, मैद्याचे पदार्थ खा म्हणून सांगत होतं. आपल्याकडे रेशनवर अमेरिकेच्या पीएल ४८० या धान्यमदतीचा गहू आला त्याच काळातली ही गोष्ट. आज अनेक मध्यमवयीन कोरियन माणसांना शाळेबाहेर खाल्लेली चव म्हणजे गव्हाच्याच तॉकची चव वाटते. नवशिक्याने ते घ्यायला हरकत नाही, ते चुका माफ करतात.

दोन माणसांचं माप देते. तॉक ३५० ग्रॅम. रस्सा अडीच कप, म्हणजे सहाशे मिली. गोचुजांग तीन मोठे चमचे, साखर दीड मोठा चमचा, सोया सॉस एक मोठा चमचा, मिरचीपूड एक ते दोन छोटे चमचे, ठेचलेला लसूण एक छोटा चमचा. पातीचा कांदा भरपूर, दोन बोटं लांब कापलेला. कोबीचे मोठे तुकडे मूठभर. मीठ नाही. गोचुजांग आणि सोया दोन्ही खारट असतात. मीठ घालायचंच तर शेवटी चाखून.

पसरट, उथळ भांडं घ्या. रस्सा थंड असतानाच गोचुजांग त्यात विरघळवा, साखर, सोया, मिरची, लसूण सगळं घाला आणि उकळी येऊ द्या. कच्चट वास येतो तो गोचुजांग शेवटी घातल्याने. ती आंबवलेली पेस्ट आहे; तिला निदान दहा मिनिटं उकळायला हवं, मगच तिचा पिठूळपणा जातो. उकळी आली की तॉक आणि कोबी घाला आणि आच मध्यम करा. आता आठ ते बारा मिनिटं भांड्यापासून हलू नका. तॉक तळाला चिकटतात, म्हणून लाकडी उलथण्याने तळ खरवडत राहा; डावाने ढवळू नका, तुटतात. पहिली पाच मिनिटं तुम्हाला वाटेल की रस्सा फारच झालाय, याचं काही होणार नाही. तेव्हा घाबरून कॉर्नफ्लोअर लावू नका. सातव्या-आठव्या मिनिटाला बुडबुड्यांचा आवाज बदलतो, पाण्याचा खळखळाट जाऊन पिठल्यासारखी रटरट सुरू होते. तीच खूण. एक तॉक काढून चावा: मधे पांढरा टिपका दिसला नाही, दाताला हलका विरोध झाला, की झालं. पातीचा कांदा घालून मिनिटभर ठेवा आणि सॉस हवा त्यापेक्षा थोडा पातळ असतानाच गॅस बंद करा, कारण ताटलीत जाईपर्यंत तो आणखी दाटतो.

हा जो दाताला होणारा विरोध, त्याला मराठीत धड शब्द नाही. चिवट म्हटलं तर टीका होते, चामट म्हटलं तर भाकरी बिघडलेली असते. कोरियनमध्ये त्याला 'चोल्गित' म्हणतात आणि ती शाबासकी आहे. वर्गातल्या निम्म्या बायका पहिल्या घासाला म्हणतात, "अजून शिजायला हवं का?" नको. तसंच असतं ते.

मिरचीबद्दल आता बोलू, कारण तुम्ही विचारणारच. गोचुजांगला पर्याय नाही. मिरचीपूड, चिकट तांदूळ, आंबवलेल्या सोयाबीनची पूड, मीठ आणि बहुधा बार्लीचं माल्ट यांची ती महिनोन्‌महिने मुरवलेली पेस्ट असते. दक्षिण कोरियात उत्तर जोल्ला प्रांतातलं सुनचांग गाव तिच्यासाठी नावाजलेलं आहे. शेझवान चटणीत साखर घालून जे होतं ते चवीला वाईट नसेल, पण ती तॉकबोक्की नव्हे. डबी एकदा आणली की फ्रिजमध्ये कित्येक महिने राहते, तेव्हा तिथे काटकसर नको. सुक्या कोरियन मिरचीला मात्र छान पर्याय आहे: ब्याडगी. बिया काढून, उन्हात वाळवून, मिक्सरवर भरड फिरवा. रंग अगदी जवळचा येतो, तिखटपणा मवाळ राहतो. लवंगी किंवा संकेश्वरी घालून पराक्रम करू नका. गोडसर, मंद, मागून चढणारं तिखट हे या पदार्थाचं लक्षण आहे. (मिरची आपल्याकडे पोर्तुगीजांबरोबर गोव्याच्या वाटेने आली, कोरियात ती सोळाव्या शतकाच्या अखेरीच्या सुमारास पोचली. म्हणजे मिरची मूळची तुमचीही नाही आणि त्यांचीही नाही. माझ्या वर्गात 'खरं तिखट कुणाचं' हा वाद निघाला की मी हे सांगून गप्प करते.)

शाकाहारी रश्श्याचं सोपं आहे. कोरियात वाळवलेल्या 'म्यॉल्ची' मासळीचा रस्सा करतात, पण त्यातला अर्धा गुण 'दाशिमा'चा असतो. दाशिमा म्हणजे जाड, काळपट समुद्री शेवाळाची वाळलेली पट्टी. तळहाताएवढा तुकडा, तीनचार वाळलेले शिताके मशरूम आणि पांढऱ्या मुळ्याची जाड चकती पाऊण लिटर पाण्यात अर्धा तास भिजवा, मग मंद आचेवर ठेवा. उकळी फुटली की दाशिमा काढा, जास्त ठेवली तर पाणी बुळबुळीत होतं. मशरूम आणि मुळा आणखी पंधरा मिनिटं राहू दे. दाशिमावरची पांढरी भुकटी बुरशी नसते, चव तिच्यातच असते. धुऊ नका, कोरड्या फडक्याने पुसा. भिजलेले शिताके चिरून तॉकबोक्कीतच घाला. दाशिमा मिळाली नाही तर मुळा, कोबी आणि कांद्याचं पाणी चालेल. आलं-कोथिंबीर नको, मग ते आपलं सूप होतं. ज्यांच्याकडे मासळी चालते त्यांनी मूठभर सोडे कोरडे भाजून रश्श्यात टाकावेत. कोरियन घरांतही रश्श्याला सुकी कोळंबी वापरतात, त्यामुळे यात ओढूनताणून काही नाही.

एक सावधगिरी. पाकिटासोबत येणाऱ्या तयार सॉसच्या पुड्यांत बऱ्याचदा मासळीचा किंवा बीफचा अर्क असतो, रामेनच्या मसाल्यातही. 'ओमुक' नावाचे जे तपकिरी पातळ तुकडे चित्रात दिसतात ते मासळीचे असतात. त्याऐवजी तळलेला टोफू घाला, तो सॉस छान पितो. पनीर घालून पाहिलंय; पनीर आपलं वेगळंच राहतं, त्याला या सॉसशी काही देणंघेणं नसतं.

मोदकाच्या पिठीचे तॉक होतात का? होतात, पण उकड जशी काढतो तशी काढून भागत नाही. उकडीत पाणी पिठीइतकंच घेतो आणि मळतो. ते तॉकला फार मऊ पडतं, रश्श्यात गेलं की विरघळू लागतं. दोन कप पिठी, म्हणजे साधारण अडीचशे ग्रॅम, त्याला अर्धा छोटा चमचा मीठ आणि पाऊण कप उकळतं पाणी. एकदम न ओतता थोडं थोडं घालत चोळा, रवाळ, मुठीत धरलं तर टिकेल इतपत ओलं झालं पाहिजे. पिठी फार कोरडी असेल तर आणखी दोन चमचे पाणी. ओल्या पातळ फडक्यात सैल बांधून मोदकपात्रात पंचवीस मिनिटं वाफवा. आणि मग खरं काम: चटके बसतील इतकं गरम असतानाच खलबत्त्यात घालून तिळाचं तेल लावलेल्या बत्त्याने आठदहा मिनिटं कुटायचं. मळून नाही होत, कुटावंच लागतं. सुरुवातीला ते भगर उकडल्यासारखं सुटं असतं, मग गोळा होतं, मग ओढलं तर ताणतं. ताणायला लागलं की हाताला तेल लावून करंगळीएवढ्या जाडीच्या वळ्या करा, दोन इंचांचे तुकडे कापा. अर्धा तास उघडे ठेवून वर पातळ साय धरली की मगच रश्श्यात टाका. घरचे तॉक पाचसहा मिनिटांतच होतात, बारा मिनिटं वाट बघाल तर तुमचा दुसरा प्रयत्न पुन्हा घडेल.

तांदूळ कुठला, हा प्रश्न मला फार आवडतो आणि फार कमी वेळा विचारला जातो. कोरियन लोक आखूड दाण्याचा, शिजल्यावर किंचित चिकटणारा रोजच्या जेवणातलाच तांदूळ वापरतात. कोलम किंवा बासमतीच्या पिठीचे तॉक भुसभुशीत होतात, कितीही कुटा. मावळातला इंद्रायणी उत्तम, आंबेमोहरही चालतो. वेळ असेल तर इंद्रायणी सात-आठ तास भिजवा, चाळणीत निथळा, ओलसर असतानाच मिक्सरवर दळा आणि चाळा. कोरियन गिरणीतही भिजवलेलाच तांदूळ दळतात. या ओल्या पिठाला पाणी मग चारपाच चमचेच पुरतं. बाजारात 'ग्लुटिनस राइस फ्लोअर' मिळतं ते चिकट भाताचं पीठ असतं. नुसत्या त्याचे तॉक केलेत तर सॉसमध्ये वितळून जातील. (नावात काही असलं तरी त्यात गव्हातलं ग्लुटेन नसतं. गव्हाचं पथ्य असणाऱ्यांनी काळजी घ्यायची ती गोचुजांग आणि सोया सॉसची, त्यांत बऱ्याचदा गहू असतो.)

तळण्याबद्दल कडक शब्दांत सांगते. काड्यांवर ओवलेले तळलेले तॉक बघून लोक घरी कढईत टाकतात. तॉकच्या आत पाणी असतं, बाहेरचा थर तेलात बंद होतो आणि तो फटाक्यासारखा फुटतो. माझ्या मनगटावर डाग आहे. खरपूस हवेच असतील तर पूर्ण पुसून कोरडे करा आणि तव्यावर चमचाभर तेलात मंद आचेवर फिरवा. आणि घरात चारपाच वर्षांचं मूल किंवा दात नसलेले आजी-आजोबा असतील तर तॉक उभे चिरून छोटे तुकडे करून द्या, चिकट घास घशात अडकू शकतो.

मुलीला सांगायला थोडी गोष्टही हवी असेल. नावातला 'बोक्की' म्हणजे परतणं, पण लाल तॉकबोक्की तर रश्श्यात शिजते. नाव जुन्या पदार्थावरून आलंय: राजवाड्यातली तॉकबोक्की सोया सॉसमध्ये, बीफ, मशरूम आणि भाज्यांबरोबर परतलेली असे, तिखट मुळीच नव्हती. लाल अवतार १९५३ नंतरचा. सोलच्या सिंदांग-दोंग भागात मा बोक-रिम नावाच्या बाई रस्त्यावर तॉकबोक्की विकू लागल्या. एका चिनी हॉटेलात त्यांच्या हातून तॉकचा तुकडा काळ्या सॉसच्या नूडल्समध्ये पडला आणि तो चविष्ट लागला, तिथून त्यांना गोचुजांगची कल्पना सुचली असं सांगतात. २०११ मध्ये त्या वारल्या. सिंदांग-दोंगमध्ये आज तॉकबोक्कीची गल्लीच आहे. नव्वदच्या दशकात त्या गोचुजांगच्या एका जाहिरातीत झळकल्या आणि त्यांचं एक वाक्य देशभर गाजलं: हे गुपित माझ्या सुनेलाही ठाऊक नाही. सासूने सुनेपासून मसाला लपवणं हे काही आपल्याकडेच होतं असं नाही.

खायची रीतही जमेल तितकी तशीच ठेवा. कोरियात गाडीवर पांढऱ्या ठिपक्यांच्या हिरव्या प्लास्टिकच्या ताटलीला पिशवी गुंडाळून त्यात वाढतात, म्हणजे ताटली धुवायलाच नको. सोबत कागदी कपात ओमुकचा गरम रस्सा. टूथपिकने एकेक तॉक उचलायचा आणि बाकी सगळं त्या सॉसमध्ये बुडवायचं: तळलेल्या भाज्या, उकडलेलं अंडं, किंबाप (समुद्री शेवाळाच्या पापडीत गुंडाळलेल्या भाताच्या वळ्या). तुमच्याकडे बटाट्याची किंवा कांद्याची भजी करा आणि बुडवा. ओवा नसलेली करा, ओवा या सॉसशी भांडतो. चीज वर घालायचं असेल तर मोझरेला, गॅस बंद केल्यावर झाकण ठेवून. क्रीम घातलेली गुलाबी 'रोझे' मुलांना आवडते. मला ती शाही पनीरच्या वाटेला गेल्यासारखी वाटते, पण तिखट न झेपणाऱ्यांसाठी ठीक.

भांड्यात सॉस उरेलच. तो फेकायचा नाही. त्यात दोन वाट्या गार भात, थोडे मक्याचे दाणे, चुरडलेलं नोरी (समुद्री शेवाळाची पातळ पापडी) आणि तिळाचं तेल घाला, पातळ पसरा आणि हात न लावता मंद आचेवर पाच मिनिटं ठेवा. तळाला जी खरपूस पापडी धरते ती उलथण्याने खरवडून खायची. टेबलावरच तॉकबोक्की शिजवतात त्या हॉटेलांत मी लोकांना मूळ पदार्थापेक्षा याच भातासाठी थांबलेलं पाहिलंय.

आणि डबा. तॉकबोक्की डब्यात देऊ नका. साडेसातला भरलेली साडेदहाच्या सुट्टीत चामट झालेली असेल आणि मुलगी तुमच्यावर नाराज होईल. द्यायचाच असेल तर हा भात द्या. उरलेली तॉकबोक्की फ्रिजमध्ये गेलीच तर दुसऱ्या दिवशी मायक्रोवेव्हमध्ये कोरडी गरम न करता भांड्यात अर्धी वाटी पाणी घालून, झाकून, मंद आचेवर सहासात मिनिटं ठेवा.